नित्याचे चित्र

डिसेंबर १९०१ मध्ये रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे इंग्लंडहून मुंबईस परतले. केंब्रिज विद्यापीठाच्या गणिताच्या परीक्षेत १८९९ साली पहिल्या क्रमांकाचा मान मिळवून ते 'सीनियर रँग्लर' झाले होते आणि हा मान मिळवणारे ते पहिलेच भारतीय होते. त्यांच्या आगमनाचा तो प्रसंग हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर या मराठी छायाचित्रकाराने आपल्या हलत्या चित्रांच्या कॅमेऱ्यात टिपला. भारतीय माणसाने घेतलेले पहिले वार्तापट म्हणून चित्रपटाच्या इतिहासात त्या चित्रणाचा उल्लेख होतो. रँग्लर परांजपे पुढे १९३२ ते १९३८ या काळात लखनौ विद्यापीठाचे कुलगुरू होते. त्या वास्तव्याच्या अखेरीस, मार्च १९३८ मध्ये, त्यांची नात सई हिचा जन्म लखनौ येथे झाला. आजोबांचे आगमन ज्या यंत्राने टिपले त्याच यंत्राची ही नात पुढे स्वामिनी झाली आणि 'स्पर्श', 'कथा', 'दिशा' यांसारखे चित्रपट तिने निर्माण केले. हा निव्वळ योगायोग आहे, त्यातून काही सिद्ध होत नाही. मात्र नवख्या चित्रपटकाराने आपला कॅमेरा प्रथम कशावर रोखावा, या प्रश्नाचा विचार करण्यास हा धागा उपयोगी पडतो.

भाटवडेकर हे 'सावे दादा' या नावाने परिचित होते. मुंबईत त्यांचा छायाचित्रणाचा व्यवसाय होता. ल्युमिएर बंधूंच्या चित्रांचा खेळ ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात झाला. कारखान्यातून बाहेर पडणारे कामगार, स्थानकात शिरणारी आगगाडी, अंगणात न्याहारी करणारे मूल असले विषय त्या काळच्या या चित्रांत असत. एकेक चित्र जेमतेम मिनिटभराचे. ही चित्रे पाहून सावे दादांनी एकवीस गिनी किंमत मोजून लंडनहून कॅमेरा मागवला आणि १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये दोन पहिलवानांची कुस्ती चित्रित केली. पहिलवानांची नावे पुंडलिक आणि कृष्णा अशी नोंदली गेली आहेत. फीत धुण्याची सोय येथे नसल्यामुळे ती लंडनला पाठवावी लागली. त्यानंतरचे त्यांचे चित्र माकडांना खेळ शिकवणाऱ्या माणसाचे होते.

कुस्ती आणि माकडवाला. ज्या माणसाने एवढी किंमत देऊन सातासमुद्रापलीकडून यंत्र आणले, त्याला विषय मात्र घराजवळचे सुचले, ही बाब सहजी दुर्लक्षिली जाते. चित्रपटाच्या इतिहासाची पुस्तके या दोन चित्रांची नोंद करतात आणि १९१३ च्या 'राजा हरिश्चंद्र'कडे वळतात. जणू कथा सांगता येत नव्हती म्हणून तोवर कुस्ती दाखवली! हा समज बरोबर नाही. कथा तर आख्यानांत, कीर्तनांत, नाटकांत भरपूर होत्या, पुंडलिक आणि कृष्णा यांची त्या दिवशीची कुस्ती मात्र अन्य कोणत्याही कलेला जशीच्या तशी जपून ठेवता आली नसती. हे या यंत्राचे खरे सामर्थ्य आहे आणि सावे दादांनी नेमके तेच प्रथम ओळखले.

नवखा चित्रपटकार दैनंदिन जीवनाकडे वळतो तो स्वस्तात काम भागते म्हणून, असे पुष्कळांना वाटते. नट नकोत, पोशाख नकोत, पडदे नकोत. चौकात उभे राहावे आणि कॅमेरा चालू करावा. ज्याने प्रत्यक्ष असा प्रयत्न केला आहे त्याला हे मत फार काळ धरून ठेवता येत नाही. लखनौच्या चौक भागातील एखाद्या गल्लीत उभे राहिलेल्या तरुणाची कल्पना करावी. समोर चिकनचे कपडे विकणारी दुकाने आहेत, लस्सी घुसळणारा हात आहे, सायकल-रिक्षा आहेत. त्याने कॅमेरा वर उचलताच मुले भोवती जमतात, दुकानदार सावरून बसतो आणि लस्सीवाल्याचा हात थोडा अधिक डौलाने फिरू लागतो. जे टिपायचे होते ते कॅमेरा उचलण्यापूर्वी होते, उचलल्यावर उरले ते कॅमेऱ्यासाठी घडलेले काहीतरी. घरी येऊन हे चित्रण पाहणारा तरुण निराश होतो आणि दोष बहुधा यंत्राला देतो.

यावर अनुभवी लोकांनी काढलेला उपाय फारच साधा आहे. तेथे पुन्हा जायचे, आणि मग पुन्हा जायचे. चौथ्या दिवशी मुलांचे कुतूहल संपते, आठव्या दिवशी दुकानदार विसरतो. या कामी लागते ती चिकाटी, आणि ती बाजारात विकत मिळत नाही.

चिकाटीचे याहून उत्तम उदाहरण मराठी माणसाला शोधत दूर जावे लागत नाही. धुंडिराज गोविंद फाळके विम्याच्या पॉलिसीवर कर्ज काढून फेब्रुवारी १९१२ मध्ये लंडनला गेले आणि विल्यमसन कॅमेऱ्याची मागणी नोंदवून एप्रिलच्या आरंभी परतले. कॅमेरा हाती आला, तरी पौराणिक चित्रपटासाठी लागणारे भांडवल हाती नव्हते, आणि हलती चित्रे या देशात तयार होऊ शकतात यावर सावकाराचा विश्वास बसत नव्हता. अशा वेळी त्यांनी कोणता देखावा निवडला? कुंडीत एक वाटाणा पेरला आणि त्याच्यासमोर कॅमेरा ठेवला. महिनाभराहून अधिक काळ रोज एकेक चौकट घेत त्यांनी त्या दाण्याचा अंकुर, अंकुराचा वेल होताना टिपला. 'अंकुराची वाढ' या नावाने तो लघुपट ओळखला जातो. महिन्याभराची वाढ पडद्यावर काही क्षणांत घडली. दाणा फुटला, कोंब वर आला, वेलीने आधार शोधला. भांडवल देणाऱ्याची खात्री या वाटाण्याने पटवली. पुढे राजे, ऋषी आणि देव पडद्यावर आले ते याच वेलीच्या आधाराने, असे म्हटले तर ते निव्वळ अलंकारिक विधान ठरणार नाही.

येथे एक गोष्ट लक्षात घेण्याजोगी आहे. घरातील कुंडीत वाढणारा वेल सर्वांच्याच डोळ्यांसमोर असतो, पण त्याची वाढ कोणालाच दिसत नाही. फाळक्यांचा कॅमेरा ओळखीच्या वस्तूपुढे ठेवला होता आणि तरीही त्याने दाखवले ते पूर्वी कोणीही न पाहिलेले. नित्याचे चित्रण करणे म्हणजे सर्वांना ठाऊक असलेलेच पुन्हा दाखवणे, हा आक्षेप या एका उदाहरणाने निकालात निघतो.

लखनौकडे पुन्हा वळू या. हिंदी चित्रपटाने या शहराचे जे रूप लोकांच्या मनात ठसवले ते नवाबांचे, हवेल्यांचे, झुंबरांचे आणि 'पहले आप'चे. 'चौदहवीं का चाँद' (१९६०), 'मेरे महबूब' (१९६३) ही नावे सर्वपरिचित आहेत. त्या चित्रपटांना कमी लेखण्याचे कारण नाही. परंतु या शहरात चारबाग स्थानकही आहे. या प्रांतातून पोटासाठी मुंबईस निघालेली असंख्य माणसे आपली पत्र्याची पेटी आणि वळकटी घेऊन त्याच्या फलाटावर गाडीची वाट पाहत आली आहेत. ते लखनौ पडद्यावर कोणी आणावे?

लखनौस १९४४ मध्ये जन्मलेल्या मुझफ्फर अली यांनी आपल्या पहिल्याच चित्रपटात हे काम केले. कोटवारा येथील राजघराण्यात ते जन्मले. अलीगढला विज्ञानाचे शिक्षण घेऊन त्यांनी जाहिरातक्षेत्रात काम केले, नंतर मुंबईस एअर इंडियात नोकरी केली. मुळात ते चित्रकार. अशा माणसाकडून पहिला चित्रपट नवाबी वैभवाचा अपेक्षित होता. त्यांचा 'गमन' (१९७८) मात्र गुलाम हसन नावाच्या एका गरीब माणसाची कहाणी सांगतो. आई आणि पत्नी यांना गावी ठेवून तो मुंबईला येतो, मित्राच्या ओळखीने टॅक्सी धुण्याचे काम करू लागतो, मग टॅक्सी चालवतो. गावाकडील भाग अली यांच्या कोटवारा गावी चित्रित झाला. गुलामची भूमिका फारूक शेख यांनी आणि गावी वाट पाहणाऱ्या खैरूनची भूमिका स्मिता पाटील यांनी केली. नाना पाटेकर यांचाही हा पहिला चित्रपट. जयदेव यांना त्याच्या संगीतासाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

'गमन'मध्ये घडते तरी काय? टॅक्सी पुसली जाते. पत्र येते. रस्ते मागे सरकतात. गावाकडे एक स्त्री उंबऱ्याशी बसलेली असते. ज्यांना चित्रपटात सतत काही घडावेसे वाटते त्यांना तो संथ वाटेल, आणि वाटतोही. परंतु घरी परतण्याची ओढ आणि खिशातील पैसा यांचा हिशेब न जुळणारा माणूस ज्याने पाहिला आहे, त्याला या संथपणाचा अर्थ सांगावा लागत नाही. टॅक्सीत मागे बसणाऱ्या मुंबईकराला चालकाची मान तेवढी दिसते. त्या मानेपुढचा चेहरा आणि चेहऱ्यामागचे गाव 'गमन'ने दाखवले.

येथे एक अडचणीचा प्रश्न उभा राहतो आणि तो टाळणे योग्य होणार नाही. राजघराण्यातील मुलाने आपल्या गावच्या श्रमिकाचे दारिद्र्य चित्रित करावे, यात दुसऱ्याच्या दुःखाचे भांडवल करणे नाही काय? कॅमेरा ज्याच्या हाती असतो तो बहुधा सुस्थितीतला असतो आणि ज्याच्यावर तो रोखला जातो त्याला नाही म्हणण्याची सवय नसते. दैनंदिन जीवन टिपू पाहणाऱ्या प्रत्येक नवोदिताला या विषमतेला सामोरे जावे लागते. भिक्षेकऱ्याचा हात, फुटपाथवर निजलेले मूल, म्हातारीच्या चेहऱ्यावरील सुरकुत्या ही चित्रे मिळवणे सोपे आहे. स्पर्धेत त्यांना बक्षिसेही मिळतात. मात्र त्या म्हातारीचे नाव चित्रकाराला ठाऊक असते का, ती सकाळी काय जेवली हे त्याने विचारले होते का, एवढ्यावरून त्या चित्राची पारख करावी. 'गमन'चा नायक आपल्या मित्रांत हसतो, रागावतो, स्वप्ने पाहतो. तो दयेसाठी पडद्यावर आलेला नाही. एवढ्या कारणासाठी तरी त्या चित्रपटाला या आरोपातून मुक्त करावे लागेल.

मुझफ्फर अली यांचे नाव आज घेतले जाते ते मुख्यतः 'उमराव जान' (१९८१) साठी. मिर्झा हादी रुसवा यांच्या ज्या कादंबरीवर तो आधारलेला आहे ती १८९९ मध्ये प्रसिद्ध झाली, म्हणजे सावे दादांनी कुस्ती चित्रित केली त्याच वर्षी. 'उमराव जान' देखणा आहे, याविषयी दुमत नाही. तथापि लखनौच्या गल्लीत राहणाऱ्या स्त्रीला त्यात आपला दिवस सापडणार नाही. तो सापडतो याच दिग्दर्शकाच्या 'अंजुमन' (१९८६) मध्ये, जो तुलनेने फारच थोड्यांनी पाहिला. चिकनचे भरतकाम करणाऱ्या स्त्रिया हा त्याचा विषय आहे.

चिकनचा कुर्ता देशभर हौसेने घातला जातो. पांढऱ्या मलमलीवर लाकडी ठशांनी निळसर नक्षी उठवतात, मग ती घरोघरी बसून बायका टाक्यांनी भरतात, शेवटी कापड धुऊन तो निळा रंग काढून टाकतात. मुर्री, फंदा, जाली, बखिया अशी टाक्यांची नावेही गोड आहेत. कापडाचा धनी व्यापारी असतो आणि टाके घालणारीला नगावर मजुरी मिळते. बारीक टाक्यांनी डोळे शिणतात. लखनौतील नवोदित चित्रपटकार कुर्त्यावरील फूल जवळून दाखवील, ते सुंदरच असते. परंतु कॅमेरा हातभर वर नेऊन सुईत दोरा ओवताना बारीक झालेले डोळे दाखवायचे की नाही, येथे त्याची खरी परीक्षा होते. 'अंजुमन'ने ते डोळे आणि त्या बायकांचे मजुरीसाठीचे भांडण, दोन्ही दाखवले.

सई परांजपे यांची वाट वेगळी. राष्ट्रीय नाट्य विद्यालयात शिक्षण, आकाशवाणी, दिल्ली दूरदर्शन, मुलांसाठी नाटके आणि बालचित्रपट अशा अनेक कामांतून त्यांची दृष्टी घडली. 'स्पर्श' (१९८०) हा मोठ्या पडद्यावरील त्यांचा पहिला महत्त्वाचा चित्रपट. अंधशाळेचा अंध मुख्याध्यापक अनिरुद्ध आणि तेथे शिकवण्यास येणारी कविता यांची ती कथा आहे. त्याचे बरेचसे चित्रण दिल्लीच्या एका खऱ्या अंधशाळेत झाले आणि तेथील विद्यार्थीच पडद्यावर आले. नसीरुद्दीन शाह यांना अभिनयाचा आणि सई परांजपे यांना पटकथेचा राष्ट्रीय पुरस्कार त्या चित्रपटाने मिळवून दिला.

लखनौच्या चौकातील तरुणाची अडचण अशी होती की लोक कॅमेऱ्याकडे पाहतात. 'स्पर्श'मधील मुलांना कॅमेरा दिसतच नव्हता. वरवर पाहता दिग्दर्शकाचे काम सोपे झाले. वस्तुतः ते अतिशय अवघड झाले असले पाहिजे, कारण ज्याला आपण पाहिले जात आहोत हे दिसत नाही, त्याच्याकडे कसे पाहावे याची सगळी जबाबदारी पाहणाऱ्यावर येते. ती जबाबदारी या चित्रपटाने कथेतही घेतली. अनिरुद्धला 'बिचारा' हा शब्द सहन होत नाही. आपली शाळा दयेवर चालावी हे त्याला मान्य नाही. मुले खेळतात, खोड्या काढतात, भांडतात. डोळस प्रेक्षकाची सहानुभूती हळूहळू अवघडल्यासारखी होत जाते, ही या चित्रपटाची मोठीच कमाई आहे.

पुढे 'कथा' (१९८३) मध्ये त्यांनी मुंबईची चाळ उभी केली. सामाईक गॅलरी, कठड्यावरून चाललेल्या गप्पा, एकमेकांच्या घरात सहज डोकावणारे शेजारी यांसह. शि. गो. साठ्ये यांच्या 'ससा आणि कासव' या मराठी नाटकाचा त्याला आधार होता. 'दिशा' (१९९०) मध्ये पुन्हा तोच प्रश्न आला जो 'गमन'मध्ये होता. खेड्यातील माणसे पोटासाठी मुंबईच्या गिरणीत येतात. मात्र एक भाऊ गावातच राहतो आणि लोक हसत असताना वर्षानुवर्षे विहीर खणत राहतो. 'गमन'मधील नाना पाटेकर 'दिशा'तही आहेत. लखनौस जन्मलेल्या दोन व्यक्तींनी एकाच महानगराकडे स्थलांतरिताच्या बाजूने पाहावे, ही नोंद दोन्ही चित्रपट लागोपाठ पाहिल्याशिवाय नीट ध्यानात येत नाही. विद्यार्थ्यांनी ते तसे पाहावेत.

आता साधनांविषयी. सावे दादांच्या फितीची लांबी थोडी होती. एवढ्या थोड्या वेळात काय मावेल याचा विचार हँगिंग गार्डनला पोहोचण्यापूर्वीच करावा लागत असणार, कारण वाया गेलेली फीत पुन्हा लंडनहूनच यायची. आज प्रत्येकाच्या खिशातील मोबाइलमध्ये कॅमेरा आहे आणि तासन्‌तास चित्रण केले तरी फीत संपत नाही. ही सोय स्वागतार्हच आहे. ज्या शिंपिणीला, ज्या रिक्षाचालकाला पूर्वी दुसऱ्या कोणीतरी टिपावे लागे, ती आता स्वतःच आपले जीवन टिपू शकते. 'गमन'च्या संदर्भात जी विषमता सांगितली ती या मार्गाने काही अंशी तरी दूर होईल. परंतु फितीची टंचाई गेली तेव्हा तिच्याबरोबर निवडीची सक्तीही गेली. जेवणाचे ताट, वाढदिवसाचा केक, गाडीच्या खिडकीतून पळणारी झाडे असे सर्व काही टिपले जाते आणि दुसऱ्यांदा पाहिले जात नाही. फाळक्यांनी महिनाभर एकाच कुंडीसमोर कॅमेरा ठेवला होता. आजच्या नवोदिताने एकच विषय, मग तो घरातील आजीचे पोळ्या लाटणे का असेना, महिनाभर रोज एक मिनिट टिपावा. तिसऱ्या आठवड्यात त्याला असे काही दिसू लागेल की जे पहिल्या दिवशीही समोरच होते.

जे टिपले ते टिकते असेही नाही. सावे दादांच्या फिती आज पाहावयास मिळत नाहीत. 'राजा हरिश्चंद्र'चा काही भागच उरला आहे. पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले ते १९६४ साली, तोवर पुष्कळसे नष्ट झाले होते, आणि जे वाचले होते त्यातील काही जुन्या नायट्रेट फिती जानेवारी २००३ मध्ये पुण्यात लागलेल्या आगीत गेल्या. मोबाइलमधील चित्रे याहून सुरक्षित आहेत असे समजण्याचे कारण नाही. उपकरण बिघडते, हरवते, जुने होते, आणि त्याबरोबर वर्षानुवर्षांचे घर निघून जाते.

रँग्लर परांजपे यांच्या आगमनाची ती फीत कोठे सापडलीच, तर अभ्यासक प्रथम त्यांचा चेहरा शोधतील. तो चेहरा छायाचित्रांतून आपल्याला ठाऊक आहे. त्यांचे चरित्र, त्यांचे विचार, लखनौतील त्यांचे कार्य, सारे काही लिहिलेले आहे. ठाऊक नाहीत ती त्यांच्या मागे उभी असलेली माणसे. सामान उचलणारा हमाल, गर्दीत वाट काढणारा पोलीस, कोणाच्या तरी खांद्यावर बसून हे सारे पाहणारे एखादे मूल. ती चौकटीत आली असतील तर सावे दादांनी त्यांना मुद्दाम टिपले नसेल, ती कॅमेऱ्यासमोर होती एवढेच.